दुःख, मध्यम

मी एक जुनी तिपाई आहे. पियानोपुढे ठेवतात तसली. तीन पाय, मधोमध लाकडी स्क्रू आणि वर गोल बैठक. एका बाजूला फिरवलं की मी वर जाते, दुसऱ्या बाजूला फिरवलं की खाली येते. आयुष्यात मला एवढीच प्रगती करता आली, आणि तीही दुसऱ्याने फिरवल्यावर.

मित्रांनो, मी थकले आहे. तुम्ही म्हणाल, तिपाईला कसला थकवा, ती तर एका जागी उभी असते. एका जागी उभं राहून बघा. वर एक संगीतकार बसवून बघा. मग बोलू.

माझा जन्म पोर्तुगालमधल्या पारेदेस गावचा. तिथे घरटी एक सुतार आहे आणि सुतारागणिक एक बोट कमी आहे. ज्याने मला घडवलं त्याची नऊ बोटं होती. चेस्टनटचं लाकूड त्याने स्वतः निवडलं, तासलं, पाय बसवले, मग माझ्यावर बसून दोनदा हलून पाहिलं आणि म्हणाला, “डुगडुगत नाही. चला, पुढचं.” माझी आजवर झालेली ही एकमेव तोंडी स्तुती. ती मी जपून ठेवली आहे.

तिथून मी लिस्बनला आले, कांपो द ओरीक भागातल्या एका तिसऱ्या मजल्यावर. घर देओलिंदाबाईंचं. त्या लोकांचे कपडे इस्त्री करून द्यायच्या. नवरा नव्हता, एक मुलगा होता, आणि बंद पडलेल्या एका कॅफेतून आणलेला पियानो होता. पियानो जुना आणि मी नवी, त्यामुळे तो पहिल्या दिवसापासून माझ्याकडे वरून बघायचा. तसा तो उंचच होता म्हणा.

मुलाचं नाव आबीलिओ. पुढे मोठा झाल्यावर सगळे त्याला ‘मास्तर’ म्हणू लागले. पण मी त्याला तो वीस किलोचा असल्यापासून ओळखते, त्यामुळे माझ्या तोंडी आबीलिओच येतं.

त्या घरात एकच मोठी खोली. एका भिंतीला पियानो, दुसऱ्या भिंतीला इस्त्रीचं टेबल. आबीलिओ सराव करायचा आणि पाठीमागे देओलिंदाबाई शर्टांच्या ढिगाशी झुंजत असायच्या. इस्त्री जड, लोखंडी. ती उचलण्याआधी त्या नाकातून श्वास ओढायच्या आणि घशात अडकलेला एक बारीक आवाज करायच्या. ‘उं’. मग इस्त्री कापडावर यायची, थप्प. हळूहळू त्यांची इस्त्री आबीलिओच्या डाव्या हाताच्या तालावर चालू लागली. त्याचा खालचा स्वर लागला की इकडे थप्प. आधी ‘उं’, मग स्वर आणि इस्त्री एकदम.

यात एकच अडचण होती. आबीलिओ चुकला की इस्त्रीही चुकायची. बँकेच्या एका मॅनेजरसाहेबांच्या कॉलरवर त्याची एक चूक तपकिरी रंगात कायमची उमटली.

“पोरा,” देओलिंदाबाई म्हणाल्या, “संगीतात चूक झाली तर हवेत जाते असं पियानोच्या मास्तरणीने सांगितलंय ना तुला? ही बघ. ही गेली नाही.”

“आई, तू माझ्या तालावर इस्त्री करूच नकोस ना.”

“मग कोणाच्या तालावर करू? दुसरा कोण वाजवतोय या घरात?”

मॅनेजरसाहेबांनी तो शर्ट टाय बांधून वापरला. असो.

आबीलिओ मोठा झाला तसा जड झाला. डाव्या हाताने अगदी खालचे स्वर वाजवायला तो डावीकडे झुके, आणि तो झुकला की माझ्या स्क्रूतून एक आवाज येऊ लागला. फार मोठा नाही. लाकडाने उसासा टाकावा तसा. मला सुरुवातीला लाज वाटली. मग कळलं की या घरात कोणीच कुठलंही काम आवाजाशिवाय करत नाही, आणि मी निवांत झाले.

लग्नकार्यांत वाजवून, नाटकमंडळींबरोबर गावोगाव फिरून झाल्यावर आबीलिओला टीव्हीचं काम मिळालं. त्याचं लग्न झालं. बायकोचं नाव ग्रासिएत. ती पोस्टात होती आणि तिला संगीताचा कान नव्हता, त्यामुळे संसार सुखाचा झाला.

आता टीव्हीचं काम म्हणजे काय, ते सांगते. तुम्हाला वाटेल की संगीतकाराला दृश्य दाखवतात, तो डोळे पुसतो आणि मग धून सुचते. तसलं काही नाही. आमच्याकडे रात्रीच्या जेवणाबरोबर सिरियल लागते. घराघरात सूप आणि सिरियल एकदमच वाढतात. रोज एक भाग म्हटल्यावर दृश्य दाखवायला वेळ कोणाला आहे? संगीत आधीच करून ठेवायचं, भावनांप्रमाणे, मसाल्याच्या डब्यासारखं. मग सिरियलवाल्यांकडची एक बाई लागेल तशी चिमूट घालणार.

ती बाई म्हणजे झुल्मिरा. दर महिन्याला ती टेप न्यायला घरी यायची, कॉफी प्यायची आणि पुढची ऑर्डर द्यायची.

“मास्तर, या महिन्यात काय हवंय ते सांगते. प्रेम, गोड. प्रेम, तुटलेलं. संशय, हलका. संशय, भारी. दार वाजतं. दार वाजतं, पण बाहेर कोणी नसतं.”

“कोणाचं दार? गोष्ट काय आहे?”

“गोष्ट लिहायचीय अजून. दार नक्की आहे.”

“निदान घर श्रीमंताचं की गरिबाचं, ते तरी?”

“मध्यमच धरा. सेट एकच आहे.”

आबीलिओ मान हलवायचा आणि माझ्यावर बसायचा. कितीतरी वर्षं त्याने असं न पाहिलेल्या माणसांसाठी वाजवलं. न पाहिलेल्या लग्नांसाठी, न पाहिलेल्या अपघातांसाठी. आणि रात्री सूप पिताना ग्रासिएत सिरियल लावायची, तेव्हा तो स्वयंपाकघरात जाऊन उगाच भांडी घासायचा. त्याला एकदाच, एकदाच फक्त, माणूस बघून वाजवायचं होतं. हे त्याने कोणालाही सांगितलं नाही. मला सांगितलं, कारण मी उत्तर देत नाही.

मग देओलिंदाबाई गेल्या. मार्च महिना होता. दफनाहून आबीलिओ परत आला तो कोट न काढताच माझ्यावर बसला. पियानो उघडला. मग त्याने वाजवायला सुरुवात केली. छोटीशी धून. उजव्या हाताला फारसं काम नाही. डावा हात मात्र दर ओळीच्या शेवटी खाली, अगदी खाली जाऊन एक स्वर ठेवून येतो. दर वेळी तो डावीकडे झुकला आणि दर वेळी ‘उं’ असा आवाज आला. बाजूला रेकॉर्डर चालू होता. सवयीने तो नेहमीच चालू करायचा.

त्याच आठवड्यात झुल्मिरा आली. तिला दफनाचं कळलं होतं. तिने आबीलिओचे दोन्ही हात धरले, दोन गालांना गाल लावले, कॉफी प्यायली आणि टेप ऐकल्या.

“हे कुठलं? हे मी सांगितलं नव्हतं.”

“काही नाही. असंच.”

“दुःख आहे ना?”

“आहे.”

“मोठं की छोटं? लिहावं लागतं हो मला वर. नंतर सापडत नाही.”

मित्रांनो, आमच्याकडची एक रीत आहे. ‘कसं काय’ विचारलं तर कोणी ‘उत्तम’ म्हणत नाही आणि ‘वाईट’ही म्हणत नाही. सगळे म्हणतात, ‘चाललंय आपलं.’ घर पेटलं असलं तरी दारात उभा राहून माणूस हेच म्हणेल. आबीलिओही इथलाच. त्याने क्षणभर विचार केला आणि म्हणाला, “मध्यम.”

झुल्मिराने टेपवर लिहिलं: दुःख, मध्यम.

झालं. मोठं दुःख वर्षातून दोनदा लागतं. छोटं दुःख कोणी बघत नाही. मध्यम दुःख मात्र रोज लागतं. झुल्मिराने ती धून सगळीकडे लावली. आजोबा गेले, धून. बैल मेला, धून. मालकाच्या मुलीची बोट चुकली, धून. एका भागात घरची स्वयंपाकीण बदकाचा भात करपवते. तिथे ती धून इतकी नेमकी बसली की दुसऱ्या दिवशी सगळ्या देशात तीच चर्चा. त्यानंतर सिरियल बदलली, नट बदलले, पण काही सांडलं, हरवलं, करपलं की हटकून तीच. लोक स्वतःच्या घरातही ती गुणगुणू लागले. पाव संपला, धून. फुटबॉलमध्ये हरलो, सगळा कॅफे एका सुरात धून.

ग्रासिएत एकदा बाजारातून हसत-हसत आली आणि आबीलिओचा चेहरा बघून हसायची थांबली. तो तिच्या मागोमाग पिशवी घेऊन आला होता. मासे विकणारीने सार्डिन संपल्याचं सांगताना धून म्हणून दाखवली होती.

“‘ओळखलंत का मास्तर?’ म्हणाली,” ग्रासिएतने तिची नक्कल केली. “‘सिरियलमधलं हो, भात करपतो ते.’”

“मग तू सांगायचंस ना, माझं आहे म्हणून,” ती पुढे आबीलिओला म्हणाली.

आबीलिओने पिशवी ठेवली. “मी म्हटलं, ऐकल्यासारखं वाटतंय.”

झुल्मिराचं मात्र एक निरीक्षण होतं. एकदा कॉफी पिताना ती म्हणाली, “मास्तर, ती तुमची तिपाई आहे ना, मोठी चोखंदळ आहे. ‘प्रेम, गोड’मध्ये गप्प. ‘संशय’मध्ये गप्प. फक्त त्या ‘दुःख, मध्यम’मध्ये खालच्या स्वराआधी बरोबर ‘उं’ करते. मी एकदा कापून बघितलं. धून मेल्यासारखी वाटली. परत जोडलं.”

मला काय वाटलं असेल याची कल्पना करा. मी कुरकुरत होते सगळीकडेच. पण बाकी ठिकाणी ते टेपवर येत नव्हतं आणि तिथे येत होतं. याचा अर्थ मी एकच लावला: मला कलेची जाण आहे. त्या दिवसापासून मी पियानोच्या नजरेला नजर देऊ लागले. देशभरात रोज जेवणाच्या वेळी मी ऐकू येत होते. तुमच्यापैकी किती जणांच्या घरच्या फर्निचरला असा मान मिळाला आहे?

वर्षं गेली. आबीलिओची पाठ गेली. माझा एक पाय किंचित लंगडू लागला. त्याखाली ग्रासिएतने चारदा घडी घातलेलं पुठ्ठ्याचं तिकीट सरकवलं. टेप गेल्या, संगणक आले. भावना त्याच राहिल्या.

आणि मग तेल्मो आला. तिशीतला सिनेमावाला, उंच, खांदे पाडून चालणारा. तो लॅपटॉप घेऊन आला आणि त्याने आबीलिओला सिनेमा दाखवला. खराखुरा, झालेला, माणसांसकट. आबीलिओ माझ्यावर बसून बघत होता आणि त्याचे पाय लहान मुलासारखे हलत होते.

गोष्ट मिठागरातल्या एका विधवेची. शेवटच्या दृश्यात ती एकटी मिठाची टोपली उचलते, डोक्यावर ठेवते आणि बांधावरून चालत जाते. बस एवढंच. आणि त्या दृश्यावर तेल्मोने तात्पुरतं म्हणून एक संगीत लावलं होतं. सिनेमावाल्यांची ही पद्धतच असते: नवं तयार होईपर्यंत जुनं काहीतरी लावून ठेवायचं. पहिला स्वर ऐकताच आबीलिओचे पाय थांबले.

दुःख, मध्यम.

“हे काढा,” तो म्हणाला.

“काढणारच आहे, मास्तर. तुम्ही नवंच करा. पण हे बघा,” तेल्मोने दृश्य मागे नेलं. “ती टोपली उचलते ना, नेमका त्याच्या आधी तुमच्या या रेकॉर्डिंगमध्ये एक आवाज आहे. उं. जणू तिचाच. मी महिनाभर हे बघतोय. तो आवाज मला हवा.”

“ती तिपाई आहे.”

“कोणीही असो. मला हवी.”

“आणि नाही जमलं तर?”

तेल्मो अवघडला. “तर मग हेच ठेवावं लागेल. माझा नाइलाज आहे.”

“हे ठेवलंत तर लोक हसतील,” आबीलिओ म्हणाला. “ती बाई टोपली उचलेल आणि सगळ्या हॉलला करपलेला भात आठवेल.”

तेल्मोला ते पटलं, हे त्याच्या तोंडावर दिसत होतं.

आबीलिओ कामाला लागला. सकाळ-संध्याकाळ पियानोवर. जन्मात पहिल्यांदा समोर माणूस होतं आणि तो त्या बाईकडे बघून वाजवत होता. त्याने अवघड, हुशार, देखणी धून बांधली. आईची धून लोकांनी भातावर वाढली होती; ही कोणी वाढू शकणार नव्हतं. पण इतकं बसून त्याची पाठ पार वाकली. तेव्हा ग्रासिएतने निर्णय घेतला.

नवी बैठक आली. काळी, गुबगुबीत, हवेवर वर-खाली होणारी. तिला आवाज नव्हता. फक्त ती हळूहळू खाली बसायची. आबीलिओ धून सुरू करताना ताठ असायचा आणि शेवटाला येईपर्यंत त्याची हनुवटी पियानोच्या पट्ट्यांना टेकायची. त्याला वाटलं, म्हातारपण असंच असतं.

आणि ग्रासिएतने नगरपालिकेला फोन करून मोडकं सामान न्यायची वेळ घेतली, मला खाली नेलं आणि फुटपाथवर ठेवलं. जाताना तिने माझ्या पायाखालचं तिकीट काढून घेतलं. मित्रांनो, ते मला लागलं.

दिवस कुठला, तर संत अँटनीच्या सणाचा. गल्लीभर पताका, दारोदारी शेगड्या, सार्डिनचा धूर. नगरपालिकेची गाडी सणाला कुठली येते? शेगडीवाल्याने मला ओढलं आणि माझ्यावर बसून सगळी संध्याकाळ मासे भाजले. त्याच्या कोपरावरून तेल माझ्यावर ठिबकत होतं. जवळच कोणीतरी गुणगुणलं. पाव संपला होता.

सकाळी आमच्याच इमारतीतले, पहिल्या मजल्यावरचे एर्मिनिओ पाव आणायला बाहेर पडले. पोर्तालेग्रेकडचे, निवृत्त न्हावी, एकटे. ते माझ्यापुढे थांबले.

“चेस्टनट!” ते रस्त्यालाच म्हणाले. “काय टाकतात लोक! काय टाकतात!”

त्यांनी मला घरी नेलं. आणि माझी अशी सेवा केली जशी आयुष्यात कोणी केली नव्हती. पाय चिकटवला, दोन दिवस दोरीने बांधून ठेवला. बैठक घासली. आणि स्क्रू काढून त्यात गावाकडचं ऑलिव्हचं तेल ओतलं, घरच्या झाडांचं, पहिल्या घाण्याचं. मी गोल फिरले ती थेट लोण्यासारखी. मग त्यांनी माझ्यावर सणाची, तुळशीसारख्या झुडपाची कुंडी ठेवली, ज्यात कागदी फूल आणि चार ओळींची कविता खोचलेली असते. त्या कुंडीचा वास नाक लावून घ्यायचा नसतो. हाताने पानांना स्पर्श करायचा आणि हात हुंगायचा. एर्मिनिओ रोज सकाळी तसं करायचे. मला वाटलं, चला, म्हातारपण सुखात जाईल.

तोच जिन्यावर पावलं वाजली आणि ग्रासिएत दारात उभी. धापा टाकत, कानाला फोन.

“अहो एर्मिनिओ, तुम्ही फुटपाथवर एक तिपाई... अगं बाई! हीच! सापडली हो, सापडली! यांच्या घरी आहे, डोक्यावर झाड घेऊन बसलीय!”

फोनमधून झुल्मिराचा आवाज मलाही ऐकू येत होता. “घेऊन या ताबडतोब! इथे व्हायोलिनवाले घड्याळं बघतायत!”

घडलं असं होतं की रेकॉर्डिंग सुरू झालं होतं; मदतीला आबीलिओने झुल्मिरालाही बोलावलं होतं. आबीलिओने देखणी धून वाजवली. सगळ्यांनी वाहवा केली आणि तेल्मो म्हणाला, “सुंदर आहे. पण ‘उं’ कुठाय?” स्टुडिओच्या बाकावर वाजवून पाहिलं, दुसऱ्या बाकावर पाहिलं. टोपली उचलणारी बाई पडद्यावर पुन्हा-पुन्हा टोपली उचलत होती आणि आवाज काही येत नव्हता. झुल्मिराने सांगितलं, तिपाई आणा. आबीलिओ म्हणाला, ती घरी आहे. मग त्याला आठवेना, की शेवटी ती कधी दिसली होती.

“तिपाई माझी आहे,” एर्मिनिओ म्हणाले. “टाकलेली वस्तू उचलणाऱ्याची.”

“अहो, दोन तासांसाठी हवीय! तुमच्या वरच्या माणसाचं आयुष्य अडलंय!”

“माझी आहे म्हणजे मी बरोबर येणार.”

“या हो, या! झाड खाली ठेवा!”

एर्मिनिओंनी झाड खाली ठेवलं नाही. टॅक्सीत मागे ग्रासिएत, मध्ये मी, पलीकडे एर्मिनिओ आणि त्यांच्या मांडीवर कुंडी. ड्रायव्हरने आरशातून बघितलं.

“दवाखान्यात का?”

“स्टुडिओत,” ग्रासिएत म्हणाली. “हिचं रेकॉर्डिंग आहे.”

ड्रायव्हरने पुढे काही विचारलं नाही. चांगला माणूस.

स्टुडिओत मला जसं नेलं तसं नऊ बोटांच्या सुताराने पाहायला हवं होतं. दोघांनी उचललं. पियानोपुढे ठेवलं. माझ्यासाठी, फक्त माझ्यासाठी, एक वेगळा माइक आणला आणि तो माझ्या पोटाखाली लावला. एक व्हायोलिनवाली हळूच म्हणाली, “हिला सार्डिनचा वास का येतोय?” मी दुर्लक्ष केलं. मोठ्या कलावंतांबद्दल लोक बोलतातच.

दिवा लाल झाला. आबीलिओ बसला. त्याने माझ्याकडे एकदा बघितलं, हात फिरवला. धून सुरू झाली. देखणी, हुशार. ओळीचा शेवट आला. तो डावीकडे झुकला. मी होतं-नव्हतं ते सगळं बळ एकवटलं.

काहीच नाही. शांतता. लोण्यासारखी.

त्याने परत वाजवलं, जोरात झुकून. मी सुळकन हलले. काही नाही. सगळे उठून माझ्याखाली वाकून बघू लागले.

“तेल घातलंय,” कोपऱ्यातून एर्मिनिओ अभिमानाने म्हणाले. “घरचं. असलं तेल मी सॅलडवरही घालत नाही.”

“काय?” झुल्मिरा ओरडली. “अहो, काय केलंत तुम्ही!”

“काय केलं म्हणजे? कुरकुरत होती!”

“कुरकुरायलाच आणलीय तिला!”

“मग मोडकीच ठेवायची होती तर मला का सांगितलं नाहीत, उचलू नको म्हणून?”

मित्रांनो, पन्नासेक वर्षं मी न विचारता कुरकुरले, आणि ज्या दिवशी साऱ्यांनी कान लावले त्या दिवशी माझा आवाज गेला होता. याहून अधिक काय सांगू?

तेल्मो खुर्चीत बसला आणि त्याने डोकं हातात धरलं. “जुनंच लावतो,” तो म्हणाला. “दुसरं काय करू?”

व्हायोलिनवाले पेट्या उघडून वाद्यं आत ठेवू लागले. कोणीतरी दिवे कमी केले. रेकॉर्डिंगचा लाल दिवा बंद करायचं मात्र कोणाच्या लक्षात आलं नाही. पडद्यावर ती बाई टोपलीशी येऊन थांबली होती. आबीलिओ तिच्याकडे बघत होता. तो फार थकला होता. त्याचं सगळं वजन माझ्यावर आलं होतं, मला कळत होतं. हुशारीचं वजन वेगळं असतं. हे ते नव्हतं. हे मी पूर्वी एकदाच उचललं होतं, मार्च महिन्यात, कोटासकट.

त्याने आईची धून वाजवायला घेतली. सिरियलमध्ये झुल्मिरा ती थोडी पळवायची, दृश्यात बसावी म्हणून. त्याने ती त्या दिवशीच्या गतीने वाजवली. उजव्या हाताला फारसं काम नाही. ओळीचा शेवट. तो डावीकडे झुकला.

‘उं.’

आणि मग खालचा स्वर.

मी हलले नव्हते. मी शपथेवर सांगते, माझ्यात पहिल्या घाण्याचं तेल होतं. आवाज माझ्या वरून आला होता. त्याच्या नाकातून, घशातून. दुसरी ओळ. ‘उं.’ स्वर. मला तो आवाज कुठून माहीत होता ते मला तेव्हा आठवलं. तो मी माझा स्क्रू कुरकुरायला लागण्याच्या कितीतरी आधी ऐकला होता, त्याच खोलीत, पाठीमागून, शर्टांच्या ढिगातून. पोरगं खालच्या स्वराला हात नेतंय. बाई जड लोखंड उचलतेय. दोघं एकदम.

म्हणजे टेपवर मी नव्हतेच. खोलीत दोन आवाज एकावर एक बसले होते आणि टेपवर आलेला मी माझा समजत होते.

तेल्मोने डोकं वर केलं होतं. झुल्मिराने कानावरचे हेडफोन दाबून धरले होते. धून संपल्यावर तिने ते सगळं परत लावलं, पडद्यासकट. बाई वाकली. ‘उं.’ टोपली वर गेली. स्वर लागला.

“तिपाई तर गप्प आहे,” झुल्मिरा म्हणाली. “मास्तर, हे तुम्ही करता?”

आबीलिओ ऐकत होता. त्याला मी इतक्या वर्षांत स्वतःचं काही इतकं लक्ष देऊन ऐकताना पाहिलं नव्हतं.

“इस्त्री,” तो म्हणाला.

“काय?”

“काही नाही.” त्याने डोळे पुसले. “चाललंय आपलं.”

सिनेमा लागला तेव्हा अर्थात मला कोणी नेलं नाही. मी आता पहिल्या मजल्यावर एर्मिनिओंकडेच असते. तिपाई उचलणाऱ्याची, हे शेवटी सगळ्यांनी मान्य केलं. ग्रासिएतने जिन्यात सांगितलं तेवढंच मला माहीत.

“धून सुरू झाली ना, एर्मिनिओ, तशी मागून दोघं-तिघं हसली. आबीलिओने माझा हात असा दाबला की अजून दुखतोय. आणि मग तिने टोपली उचलली.”

“मग?”

“मग कोणी हसलं नाही.”

“आणि मास्तर?”

“ते काय बोलणार! पण काल मासेवालीने विचारलं, ‘सिनेमात ते तुमचं होतं का हो?’ तर म्हणाले, ‘माझं आणि माझ्या आईचं.’ बाजारात, सगळ्यांसमोर! मला तर धरणीने पोटात घ्यावं असं झालं. त्या बाईने दोन सार्डिन जास्त घातले.”

मित्रांनो, आता माझं ऐकायचं असेल तर ऐका. जुन्या वस्तूंना जपा. पायाखालचं तिकीट काढून घेऊ नका. तेल घाला, पण आधी विचारा, ती वस्तू कशाला कुरकुरते आहे. आणि तुमच्या घरातलं कोणी काही जड उचलण्याआधी जो आवाज करतं, तो एकदा नीट ऐकून ठेवा. तो आवाज पुढे कुणाच्या तरी हातात, घशात जाऊन बसतो, आणि श्रेय भलत्याच फर्निचरला मिळतं.

माझ्यावरची कुंडी ऑगस्टच्या उन्हात वाळली; ती झुडपं तेवढीच जगतात. एर्मिनिओंनी कागदी फूल तेवढं ठेवलं आहे. वरच्या मजल्यांवरून संध्याकाळी पियानो ऐकू येतो. आबीलिओ त्या नव्या बैठकीवर हळूहळू खाली जात वाजवत असणार. खालचा स्वर छतातून इथपर्यंत पोहोचतो; त्याआधीचा तो आवाज काही पोहोचत नाही. पण तो कुठे येतो ते मला माहीत आहे. तिथे मी गप्प बसते.

तेलामुळे नव्हे.